मोजणीच्या दिवशीची मोले

हिम्मतराव सोनकांबळेनं आठ वर्षं एक पातेलं रिकामं होऊ दिलं नव्हतं. आठ वर्षं! बंजारा हिल्सच्या त्या चौथ्या मजल्यावरच्या हॉटेलात तो सगळ्यात आधी यायचा, लाइट लावायच्याही आधी कोल्डरूममधून ते जाड बुडाचं पातेलं काढायचा, मंद आचेवर ठेवायचा आणि पहिला बुडबुडा फुटेपर्यंत कुणाशी एक शब्द बोलायचा नाही. किचनमधल्या सगळ्यांना हे माहीत होतं. त्याच्या हाताखालचा यादगिरी तर नवीन माणसाला पहिल्याच दिवशी सांगायचा, "शेफ पातेले के सामने है तो सलाम भी नक्को करो, बाद में करो."

पातेल्यात असायची मोले. मेक्सिकोतली, रश्श्यासारखी. सुक्या मिरच्या, तीळ, शेंगदाणे, भाजलेला मका, थोडं कडू चॉकलेट, असे वीस-पंचवीस जिन्नस वेगवेगळे भाजून वाटून केलेली काळीभोर, दाट. जेवढी वाढायची तेवढी काढायची आणि तेवढीच ताजी करून तिच्यात मिसळायची. म्हणजे आजच्यात कालची असते, कालच्यात परवाची, असं मागे मागे जात पहिल्या दिवसापर्यंत. लोक मोठ्या पांढऱ्या ताटात दोन चमचे मोले बघायला मुंबईहून यायचे, फोटो काढायचे. आणि हिम्मतराव काचेच्या मागून बघायचा. बाहेर जाऊन बोलणं त्याला जमायचं नाही.

पण त्या पातेल्यात अजून एक गोष्ट होती जी मेन्यूवर लिहिलेली नव्हती. येसर.

येसर मराठवाड्यातल्या माणसाला सांगावं लागत नाही, पण हैदराबादेत वाढलेल्या पोरांना सांगावं लागतं. गहू, बाजरी, डाळी, धणे, खोबरं, मसाले, सगळं खरपूस भाजून दळलेलं पीठ. लग्नाच्या पंगतीत येसराची आमटी असते. हिम्मतची आई चतुराबाई दर उन्हाळ्यात ते करायची, काचीगुड्याच्या रेल्वे क्वार्टरच्या व्हरांड्यात, चार घरांना खोकला लागेल एवढं भाजायची. बाप शंकरराव रेल्वेत पॉइंट्समन, नांदेडकडून आलेला. हिम्मत जामबागच्या मराठी शाळेत शिकला, इंटरला दोनदा नापास झाला, नामपल्लीच्या नुमाइशीत, म्हणजे तिथल्या मोठ्या प्रदर्शनात, एका स्टॉलवर दीड महिना भजी तळली आणि तिथल्याच ओळखीनं एका मोठ्या हॉटेलात कांदे चिरायला लागला. तिथून जहाजावर. सहा वर्षं पाण्यावर!

जहाजावरच्या किचनात एर्नेस्तो नावाचा एक म्हातारा मेक्सिकन स्वयंपाकी होता, फार चिडका. हिम्मतनं एकदा, घरची आठवण फारच आली म्हणून, ट्रंकेतलं येसर काढून स्टाफच्या रश्श्यात टाकलं. म्हाताऱ्यानं चव घेतली. दुसरा चमचा घेतला. मग तिसरा. आणि दुसऱ्या दिवसापासून त्याला शेजारी उभं करून मोले शिकवायला लागला. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण भाजणं दोघांनाही कळत होतं.

जहाजावरच्या त्या वर्षांत बाप गेला, आणि हिम्मत पोचला तेव्हा तेराव्याचंही सगळं आटपलं होतं. लग्नाचं बघायला गेले की मुलीकडचे विचारायचे, "म्हणजे आचारीच ना?" आई म्हणायची, "शेफ आहे शेफ." ते म्हणायचे, "हो, पण करतो काय? स्वयंपाकच ना?" दोन-तीन वर्षं असं झालं, मग आईनं विचारणं सोडलं आणि हिम्मतनं वाट बघणं. २००६ साली सुब्बराजू गारूंनी, म्हणजे किनारी आंध्रातल्या भीमवरमच्या सुब्बराजू साहेबांनी, हॉटेल काढलं आणि त्याला बोलावलं. पहिल्या दिवशी पहिल्या पातेल्यात हिम्मतनं आईच्या हातचं येसर मूठभर टाकलं. नंतर दर वर्षी टाकलं. २०१० ला आई गेली. शेवटच्या डब्यातलं त्यानं पुरवून पुरवून वर्षभर घातलं आणि मग डबा संपला.

पण पातेलं होतं ना. पातेल्यात ती होतीच. हिम्मत असं कुणाला बोलून दाखवत नव्हता, पण रोज सकाळी जो वास यायचा त्यात तो तिला भेटायचा, एवढं खरं.

मग आला २०१४ चा जून, तेलंगण वेगळं झालं आणि राज्याचे दोन तुकडे झाले. त्याच्या आधीची चार वर्षं नुसते बंद, मोर्चे, रिकामी टेबलं. सुब्बराजू कंटाळले होते. त्यांनी वायझॅगला, नव्या आंध्रात, दुसरं हॉटेल काढायचं ठरवलं, अर्धा स्टाफ तिकडे. एक दिवस किचनमध्ये आले आणि पातेल्याकडे बोट दाखवून म्हणाले, "हिम्मत, ये भी आधा आधा करेंगे. आधा इधर, आधा उधर. स्टेट का जैसा हुआ."

यादगिरी हसला. हिम्मत हसला नाही.

"कब, सर?"

"अगस्त एंड में. तुम खुद लेके आओ, कार में."

अर्धी केली तरी मोले वाढतेच, त्यात काही बिघडत नाही, हे हिम्मतला कुणापेक्षाही जास्त कळत होतं. पण आईची मूठ अर्धी कशी करतात?

त्याच ऑगस्टमध्ये सरकारनं जाहीर केलं की एका दिवसात सगळ्या राज्याची घरोघर मोजणी होणार. सगळ्यांनी आपापल्या घरी थांबायचं. दुकानं, ऑफिसं, हॉटेलं सगळं बंद. आणि अफवा तर विचारू नका! घराला कुलूप दिसलं की रेशनकार्ड गेलं, जो मोजला गेला नाही तो इथला नाहीच. रेल्वे क्वार्टर सुटल्यापासून हिम्मत काचीगुड्यातच केशवरावांच्या घरात वरच्या खोलीत भाड्यानं राहत होता, आधी आईबरोबर, आई गेल्यावर एकटा. केशवराव म्हणजे परभणीकडच्या शेतकरी घरातले, हैदराबादेत पस्तीस वर्षं नोकरी करून रिटायर झालेले. जिन्याखाली खुर्ची टाकून बसायचे.

"हिम्मतराव, मंगळवारी घरी राहायचं हं."

"काका, हॉटेलात काम आहे थोडं."

"अहो कसलं काम? हॉटेल बंद! उद्या कुणी म्हणालं मराठी माणूस इथला नाही, जा नांदेडला, तर काय दाखवणार? सॉस दाखवणार का?"

"जन्म इथलाच आहे माझा, काका."

"ते मला माहीत आहे. त्या फॉर्मला माहीत पाहिजे ना!"

अडचण वेगळीच होती. हॉटेलची इमारत सोमवार दुपारपासून बुधवार सकाळपर्यंत बंद राहणार होती, मेन स्विचसकट. जनरेटर बघणारा माणूस महबूबनगरला आपल्या गावी, मोजून घ्यायला. कोल्डरूम दीड दिवस बंद! ऑगस्टच्या दमट हवेत मोले दोनदा नीट उकळली नाही तर आंबणार, आणि आंबली की आठ वर्षं नाल्यात. हिम्मतनं खूप विचार केला आणि सोमवारी दुपारी पातेलं झाकण बांधून, खाली टॉवेल घेऊन, ऑटोत मांडीवर ठेवून घरी आणलं.

ऑटोवाला आरशातून बघत होता. "क्या है चिच्चा, हलीम? मौसम तो गया."

"नहीं मियाँ. मोले."

"वो क्या होता?"

हिम्मतला एका शब्दात सांगता येईना. "मिरची का सालन," तो म्हणाला.

"तो ऐसा बोलो ना! ऐसा पकड़े हैं जैसा बच्चा है."

संध्याकाळची उकळी झाली. मंगळवारी सकाळी शेगडी पेटवली तर ज्योत दोनदा फडफडली आणि गेली. सिलिंडर संपला. एवढा मोठा शेफ, आणि घरात दुसरा सिलिंडर नाही! घरी तो करायचाच काय, चहा आणि कधी खिचडी. एका माणसाला किती लागतं? बाहेर सगळं बंद, गॅसवाला पण आपल्या घरी मोजून घेत बसलेला.

खाली केशवरावांकडे मात्र जत्रा होती. परभणीहून, बीदरहून पुतणे, सुना, एक म्हातारी आत्या, सगळे मोजून घ्यायला आलेले, मोजून बारा-तेरा माणसं. हिम्मत पातेलं घेऊन दारात उभा राहिला, उंबऱ्याच्या बाहेर.

उंबऱ्याच्या बाहेर, कारण तो कधी आत गेलाच नव्हता. आई असताना सुरुवातीला केशवरावांनी आडनाव विचारलं होतं, मग म्हणाले होते, "ठीक आहे, माणसं चांगली दिसतात." माणसं खरंच चांगली होती दोन्हीकडची. केशवरावांच्या बायको सुशीलाबाई सणाला वर पुरणपोळी पाठवायच्या. चतुराबाई भांडं घासून त्यात साखर घालून परत द्यायची. पण वरून शिजवलेलं काही खाली गेलं तर सुशीलाबाई म्हणायच्या, "कशाला त्रास घेतला," आणि मग ते मोरीत ओतलं जायचं, नळीतून वाहताना वरून दिसायचं. चतुराबाईनं एकदा बघितलं आणि मग कधी पाठवलं नाही.

"काकू, माझा गॅस संपला. एक उकळी आणू देता का तुमच्या शेगडीवर? बारीक आचेवर, फक्त अर्धा तास."

सुशीलाबाईंनी पातेल्याकडे बघितलं, मग त्याच्याकडे. घामाघूम झालेल्या, पीठ लागलेल्या हातानं पदर खोचत म्हणाल्या, "अहो या ना आत, दारात काय उभे राहता."

तो आत गेला. पातेलं ठेवलं. आच स्वतः बारीक केली.

"यात कोंबडीबिंबडी नाही ना? श्रावण आहे."

"नाही, काकू. तीळ, शेंगदाणे, मिरच्या. शाकाहारी टेबलांनाही लागते."

"आणि हा वास कशाचा? ओळखीचा वाटतोय."

"येसर आहे थोडं."

"अगंबाई, येसर! आत्याबाई, ऐकलंत का, येसर आहे म्हणे!"

हिम्मतला त्या विचारण्याचा अर्थ तेव्हाच कळायला पाहिजे होता. शेगडीवर नुसती उकळायला ठेवलेली वस्तू, त्यात कोंबडी आहे का हे कोण विचारतं? पण त्याच्या डोक्यात पातेल्याचं बूड लागायला नको एवढंच होतं. आणि तेवढ्यात जिन्यातून पोरांची हाक आली, मोजणीची बाई आली म्हणून.

बाई म्हणजे कुठल्या तरी शाळेच्या टीचर होत्या, तेलुगू, सकाळपासून जिने चढून थकलेल्या. त्यांनी फॉर्म उघडला.

"कितने मेंबर?"

"एक."

"सिर्फ एक?" त्यांनी रेशनकार्ड बघितलं. "इसमें दो नाम हैं. चतुराबाई कौन?"

"माँ. गुजर गए."

"तो नाम क्यों नहीं निकाला?"

चार वर्षं तो निघालाच नव्हता नाव काढायला. बाई म्हणाल्या, दाखला असेल तर दाखवा, मी तसं लिहिते. दाखला कुठं ठेवलाय आठवेना. त्यानं ट्रंक उपसली, कपाट उपसलं, जहाजाचे जुने कागद, बापाचा रेल्वेचा पास, आईच्या चष्म्याची डबी. बाई समोरच्या घरी जाऊन परत आल्या. दाखला शेवटी आईच्याच गादीखाली, प्लास्टिकच्या पिशवीत सापडला. बाईंनी लिहिलं. मदर टंग मराठी. मॅरीड, नो. मेंबर एक. सही घेतली.

"पाणी पिता का मॅडम?" त्यानं गडबडीत मराठीतच विचारलं. त्या हसल्या, पाणी प्यायल्या, गेल्या. त्या दिवशी त्याच्या खोलीत आलेलं ते एकच माणूस.

घड्याळ बघितलं तर दीड तास झाला होता. पातेलं! तो जिना दोन-दोन पायऱ्या उतरत खाली धावला.

खाली पंगत उठत होती. भाकऱ्यांची टोपली रिकामी, पोरं बोटं चाटत होती. म्हातारी आत्या भिंतीला टेकून ढेकर देत म्हणाली, "कुणाच्या हातची रे ही आमटी? लई दिवसांनी असं खाल्लं."

सुशीलाबाई लगबगीनं आल्या. चेहरा इतका खुललेला होता त्यांचा! "हिम्मतराव, किती दाट आणली होती हो तुम्ही! आणि जराशी कडवट लागली मला. मग मी डाळीचं पाणी घातलं, थोडा गूळ घातला, आणि मग काय सांगू, तेरा माणसांना पुरली. म्हटलं, एवढी पंगत आहे, वरून तुम्ही तुमच्या घरचं घेऊन आलात, तर ते वाढायलाच पाहिजे."

गावाकडं असंच असतं. पंगत असली की शेजारी आपल्या घरचं एक भांडं चुलीवर आणून ठेवतो, तो त्याचा वाटा. सुशीलाबाईंना वाटलं, हा आपला वाटा घेऊन आलाय. त्यांनी तो घेतला. पहिल्यांदा घेतला.

केशवराव हात पुसत बाहेर आले. "हिम्मतराव, हे तुम्ही हॉटेलात विकता? आणि मोठमोठे लोक येतात? आता कळलं मला का येतात!"

हिम्मतनं शेगडीकडे बघितलं. पातेलं शेगडीवर नव्हतं. मोरीजवळ होतं, राखेनं लख्ख घासलेलं, आणि तळाशी मूठभर साखर. वरच्या भांड्यात साखर घालून परत द्यायची वेळ आज सुशीलाबाईंवर आली होती आणि त्यांनी ती मनापासून घातली होती.

ओरडणार होता? आठ वर्षं संपवलीत म्हणणार होता? तेरा माणसं तृप्त होऊन त्याच्याकडं बघत होती. आई असती तर तिनं या एका दुपारसाठी काय नसतं दिलं!

"बरं केलंत, काकू," तो म्हणाला. "गूळ चांगला घातला."

"तुमच्यासाठी वाटी काढून ठेवलीय हं. पोरं घेत होती, मी म्हटलं त्यांची त्यांना नको का?"

वाटी घेऊन तो वर गेला. दार लावलं. नांदेडला बहिणीला, इंदुताईला, फोन केला.

"ताई, येसरात आई गहू किती घालायची गं?"

"आज कसं काय? मोजलं का तुला?"

"मोजलं. सांग ना."

"मला कुठं माहीत, हिम्मत. मी तर पुडी आणते विकतची. आई कुणाला सांगायची का? नुसतं भाजत बसायची." आणि मग, "जेवलास का?"

"जेवतोय."

फोन ठेवला. वाटी समोर. यादगिरी असता तर म्हणाला असता, एक वाटी पण बहुत है शेफ, नव्यात टाका, चालू राहील. खरंच राहिली असती. डाळ आणि गूळ चार-पाच दिवसांत विरला असता, कुणाला कळलं नसतं. हिम्मत वाटीकडे बघत बसला. मग त्यानं बोट बुडवलं आणि चव घेतली, नीट, जशी दुसऱ्याच्या किचनमधली घेतो तशी. डोळे मिटून.

मिरची लागली. तीळ लागले. गूळ, डाळ. चॉकलेटचा कडू शेवट लागला.

येसर लागलं नाही.

परत घेतली. नव्हतं. खाली सुशीलाबाईंना जो वास ओळखीचा वाटला तो भाजलेल्या तिळाचा होता, आणि येसर हे नाव तर त्यानंच दिलं होतं. रोज थोडं काढत, थोडं घालत, ती मूठ कधीच निघून गेली होती, कदाचित दोन-तीन वर्षांपूर्वीच, कुठल्या तरी अनोळखी माणसाच्या पांढऱ्या ताटातून. आणि त्याची जीभ काही साधी नव्हती, तिला हे तेव्हाच कळलं असणार. त्यानंच तिला बोलू दिलं नव्हतं.

त्यानं वाटी तिथंच बसून खाल्ली. सगळी. बोटानं पुसून.

बुधवारी यादगिरी कोरडं पातेलं बघून दारातच थांबला. "शेफ? माल किधर?"

"खा लिए."

"कौन?"

"घर के लोगां," हिम्मत म्हणाला, आणि मिरच्यांचे देठ काढायला लागला.

सुब्बराजूंना त्यानं स्वतः फोन केला. ते आधी चिडले, मग धंद्याचं बोलले. "ठीक है, नया बनाओ. आधा मुझे दो. बोर्ड पे आठ साल ही लिखेंगे. कौन पूछता?"

"मैं बनाता, सर. आधा भी देता. पर आठ साल नक्को लिखो. पूछे तो मैं आज का है बोलूँगा."

"हिम्मत, लोगां उसी के लिए आते!"

"मालूम है, सर."

संध्याकाळी सातला पहिलं टेबल लागलं, मुंबईचं एक जोडपं, खास त्यासाठीच आलेलं. हिम्मत काचेच्या मागून निघून पहिल्यांदा स्वतः बाहेर गेला. बाईंनी हसून विचारलं, "ही तीच ना? किती वर्षांची झाली आता?"

"आज सकाळची आहे, मॅडम."

"म्हणजे जुनी?"

"जुनी संपली."

बाईंनी नवऱ्याकडे बघितलं. नवऱ्यानं मेन्यू परत उघडला, पान उलटलं, आणि जरा वेळानं म्हणाला, "मग असं करा, आम्हाला फिश दाखवा."

"हो सर," हिम्मत म्हणाला आणि आत गेला. पातेल्यात मोले अजून फार कोवळी होती, मिरची एकीकडं आणि तीळ एकीकडं लागत होते. त्यानं आच अजून थोडी बारीक केली आणि फिशची ऑर्डर यादगिरीला सांगितली.